जिचं नाव आपण शिवीसारखं वापरतो

(अकोला येथे स्त्री-कार्यकर्त्यांच्या बैठकीत केलेले भाषण)



सल्ला केंद्रात येणारी बाई सासूचं वर्णन करायला फार वेळ घेत नाही. "ताई, माही सासू म्हंजे निस्ती ललिता पवार हाये," म्हटलं की झालं. आपणही मान हलवतो आणि वहीत लिहू लागतो. आज त्या ललिताबाईंबद्दलच बोलायचं आहे.

मूळ नाव अंबा. जन्म १९१६ चा, येवल्याचा. मूकपटांच्या काळात लहान वयातच त्या कामाला लागल्या. पुढे नायिका झाल्या, निर्मात्याही झाल्या. १९३८ मध्ये त्यांनी काढलेला 'दुनिया क्या है' टॉलस्टॉयच्या 'रिसरेक्शन'वर बेतलेला होता. म्हणजे वरच्या वर्गातल्या पुरुषाने फसवून टाकून दिलेल्या बाईची गोष्ट. हा विषय त्या काळी एका बाईने स्वतःचे पैसे घालून पडद्यावर आणला, हे आपल्यापैकी किती जणींना माहीत होतं? मलाही परवापर्यंत नव्हतं.

१९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली. चेहऱ्याला लकवा झाला, डावा डोळा कायमचा अधू झाला. वय सव्वीस. कामावर झालेली इजाच ही. भरपाईचा कायदा १९२३ पासून होता, पण तो गिरणी-कारखान्यांकडे बघून केलेला. सिनेमात राबणाऱ्यांसाठी वेगळा कायदा यायला १९८१ साल उजाडलं.

नायिकेची कामं गेली. बाई घरी बसल्या नाहीत. १९४४ च्या 'रामशास्त्री'त त्या आनंदीबाई झाल्या, आणि मग खाष्ट सासवांची रांगच लागली. इथे मला अडखळायला होतं. तो बारीक झालेला डोळा म्हणजे दुखापत होती. आपण तो दुष्टपणा म्हणून वाचला, तोही पिढ्यान्‌पिढ्या. कुणाच्या लकव्याला आपण एरवी असं हसतो का?

१९८७ मध्ये दूरदर्शनवर 'रामायण' लागायचं. दर्यापूरकडच्या आमच्या गावात एकच टीव्ही, मास्तरांकडे. रविवारी बाया वेचणीला उशिरा निघायच्या. मंथरा दिसली की आजी बोटं मोडायची. कैकेयीने मागितलं, दशरथाने दिलं, पण बोटं मोडायची ती दासीवर, तीही कुबडीवर!

सासू छळतच नाही, असं माझं म्हणणं नाही. जळालेल्या सुना आपण पाहिल्या आहेत. ४९८-अ मध्ये १९८३ पासून 'नवरा आणि त्याचे नातेवाईक' असे शब्द होते, आणि नव्या संहितेतही ते आहेत. पण आपल्याच वह्या काढून बघा. पहिलं पान सासूचं असतं. मारणारा नवरा तिसऱ्या पानावर येतो, तोही 'आईचं ऐकून'.

त्याच चेहऱ्याने १९५९ च्या 'अनाडी'त मिसेस डिसा उभी केली. वरून कडक, आतून परक्या पोरावर जीव टाकणारी. त्यासाठी फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. सातशेच्या आसपास चित्रपट केले, पण आपल्या लक्षात सासू तेवढी राहिली. फेब्रुवारी १९९८ मध्ये पुण्यात औंधच्या घरी त्या गेल्या. नवरा इस्पितळात, घरात दुसरं कुणी नाही. कळायलाच काही दिवस लागले.

पुढच्या महिन्यात अमरावतीच्या बैठकीत आपण 'अनाडी' दाखवणार आहोत. येताना सासवांनाही आणा. चहा आमच्याकडे.