गाज काय सांगते?

पावस म्हटलं की बहुतेकांना स्वामी स्वरूपानंद आठवतात. १९७४ साली ते समाधिस्थ झाले. श्वासाबरोबर चालणाऱ्या 'सोऽहम्'कडे लक्ष द्यायला त्यांनी साधकांना शिकवलं. मी याच गावचा. पण आज बोलणार आहे ते बाहेरून येणाऱ्या एका नादाबद्दल, समुद्राच्या गाजेबद्दल.

आमच्या कोकणात आवाजालाही जीव असतो. रात्री पाखाडीवर काठी आपटल्याचा, वहाणा वाजल्याचा आवाज आला, की म्हातारी माणसं म्हणत, "राखणदार फेरीला निघाला." त्याला पाहिलेलं कुणी नसे. त्याची ओळख कानालाच. गाजेचंही तसंच. गणेशगुळ्याचा किनारा आम्हांला जवळ. पण दिवसा गाज फारशी जाणवत नसे. निजानीज झाली की ती घरात शिरे. मे महिन्याच्या अखेरीस तिचा आवाज जड झाला की आजी म्हणे, "दर्या बोलतोय. लाकडं आत घ्या." समुद्राला पुढचं कळतं, आणि तो ते सांगतो, याबद्दल तिच्या मनात शंका नव्हती. नारळी पौर्णिमेला दर्याला नारळ देतात, तोही त्याला ऐकणारा, समजणारा मानूनच.

या बोलण्यामागे आहे तरी काय? गाज होते ती मुख्यतः बुडबुड्यांमुळे. लाट फुटताना पाण्यात हवा कोंडली जाते आणि प्रत्येक बुडबुडा घंटेसारखा थरथरतो. मिनार्ट या शास्त्रज्ञाने १९३३ साली त्याचं गणित मांडलं. बुडबुडा लहान, तर सूर उंच. मोठा, तर सूर खालचा. मोठ्या लाटेत बुडबुड्यांचे ढगच्या ढग एकत्र थरथरतात आणि आवाज खर्जात जातो. रात्री जमीन निवते, तिच्यालगतची हवा गार आणि वरची उबदार राहते. मग वर निघालेला आवाज पुन्हा खाली वळतो आणि दूरवर पोचतो.

आता आजीच्या भाकिताकडे येऊ. भर समुद्रात वादळ झालं की तिथून लांब लाटा निघतात. चौदा-चौदा सेकंदांनी येणाऱ्या लाटांचा जोर दिवसाला सुमारे ९०० किलोमीटर अंतर कापतो. वादळ स्वतः बहुधा याहून बरंच हळू सरकतं. म्हणजे वाऱ्यापावसाच्या आधी त्याची वर्दी किनाऱ्यावर येऊ शकते. ही वर्दी जमिनीलाही कळते. मुंबईच्या कुलाबा वेधशाळेतल्या भूकंपमापकावर उमटणारी बारीक थरथर अरबी समुद्रातल्या वादळांशी आणि मोसमी वाऱ्यांशी निगडित आहे, हे डॉ. सुधांशुकुमार बॅनर्जी यांनी १९३० साली दाखवून दिलं. ती कंपनं इतकी संथ, की आपल्या कानांना ती ऐकूच येत नाहीत.

तेव्हा आजी निराधार बोलत नव्हती. पण एक गोष्ट नीट ध्यानात घ्यायला हवी. गाज असते किनाऱ्याची. लाट फुटते ती उथळ पाण्यात. खोल समुद्रात होडीवर असलेल्या माणसाला ती ऐकूच येत नाही. ज्याला इशाऱ्याची सर्वांत जास्त गरज, त्याच्याशी दर्या बोलत नाही! शिवाय वादळ कुठे आहे, आपल्याकडे येणार की परस्पर निघून जाणार, हे गाज सांगू शकत नाही. ११ नोव्हेंबर २००९ रोजी 'फयान' वादळ कोकणच्या किनाऱ्यावर आलं, तेव्हा मासेमारीला गेलेले कितीतरी जण घरी परतले नाहीत. त्यांच्या घरच्यांनी किनाऱ्यावर उभं राहून गाज ऐकलीच असेल. तिचा त्यांना काय उपयोग?

म्हणून उंच लाटांचे इशारे देणारं हैदराबादचं 'इन्कॉइस' केंद्र, हवामान खातं आणि होडीवरचा बिनतारी संच यांना पर्याय नाही. इशारा आला की होडी बंदरातच राहिली पाहिजे, मग त्या दिवशी मासळी कितीही भाव खात असो.

मग गाज ऐकायचीच नाही का? जरूर ऐकावी. गाजेला जीव नाही, पण शेकडो कोसांवरची खबर तिच्यात असते. ती जड वाटली तर आजीसारखी लाकडं आत घ्यावीत. आणि घरातलं कुणी समुद्रावर जाणार असेल, तर आधी रेडिओ लावावा.