तळहातावरचा काल

(ग्रंथालयाच्या शताब्दी महोत्सवात दिलेले व्याख्यान)



 मी मराठीचा अध्यापक. ग्रंथांविषयी बोलणे हा माझा नित्याचा व्यवसाय. आज मात्र ग्रंथात पुरती न मावणाऱ्या एका गोष्टीविषयी बोलावे म्हणतो.

स्पर्शाने काळाला आकार देणारी एखादी कला असू शकेल काय? प्रश्न कविकल्पनेसारखा वाटतो. परंतु ही कला आपल्या घराघरांत नांदते आहे. आरतीच्या वेळी टाळी वाजवणारे मूल तिच्या पहिल्या पायरीवर उभे असते. ती कला म्हणजे ताल.

ताल हा आपण कानाचा विषय मानतो. आपल्या शास्त्रकारांनी तो हाताचाही मानला. तेराव्या शतकात देवगिरीच्या सिंघण यादवाच्या आश्रयाने शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ रचला. त्यातील तालाध्यायात हाताच्या क्रियांचे सशब्द आणि निःशब्द असे दोन वर्ग आहेत. टाळी वाजते ती सशब्द. हात नुसता वळतो, पसरतो वा आत घेतला जातो, ती निःशब्द. काळ मोजताना न वाजणाऱ्या हातालाही तेवढीच प्रतिष्ठा आहे.

आजही त्रितालाच्या १६ मात्रांत पहिल्या, पाचव्या आणि तेराव्या मात्रेवर टाळी पडते. नवव्या मात्रेवर हात बाजूला उघडतो. हिंदीत त्या जागेला ‘खाली’ म्हणतात. आपल्याकडे ‘काल’ म्हणण्याचा प्रघात आहे. या शब्दाची व्युत्पत्ती काहीही असो. जेथे हात हाताला लागत नाही, नेमक्या त्याच जागेला मराठी माणसाने ‘काल’ म्हणावे, हे मला मोठे अर्थपूर्ण वाटते. रूपकाच्या ७ मात्रांत तर सम आणि काल एकाच मात्रेवर येतात. आवर्तनाचा आरंभच रित्या हाताने होतो.

तबल्यावर हा स्पर्श अधिक सूक्ष्म होतो. तबल्याच्या तोंडावर चाट, लव आणि शाई अशी तीन क्षेत्रे. बोट कोठे पडले, किती भाराने पडले आणि केव्हा उचलले, यांवर बोल ठरतो. डग्ग्यावर मनगटाचा दाब किंचित वाढला की घुमारा चढतो. त्रितालाच्या ठेक्यात दहाव्या मात्रेपासून तेराव्यापर्यंत हा घुमारा थांबतो आणि डोळे मिटून बसलेल्या श्रोत्यालाही आवर्तनात आपण कोठे आहोत ते कळते. अतिविलंबित ख्यालात एकेक आवर्तन मिनिटभर चालते. तेवढा काळ विस्कळीत होऊ न देता धरून ठेवतात ती दहा बोटे.

ही विद्या कागदावर आणण्याचे थोर प्रयत्न आपल्या या गुजरातेतही झाले. बडोद्यास मौलाबक्षांनी १८८६ साली गायनशाळा काढली आणि स्वरलेखनाचा पाया घातला. तेथेच १९१६ साली सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने पं. भातखंडे यांनी पहिली अखिल भारतीय संगीत परिषद भरवली. भातखंड्यांनी रूढ केलेली सम-कालाची चिन्हे आज शाळकरी मुलेही वहीत काढतात. हे उपकार फेडता येणार नाहीत. तरीही ‘धा’ हे अक्षर दिल्लीच्या बंद, बोटांच्या बाजात जसे वाजते तसे पूरबच्या खुल्या, पंजाच्या बाजात वाजत नाही. अक्षर एकच, हात निराळे.

सुरतकरांना अभिमान वाटावा असे एक नाव येथे घेतो. गायनाचार्य भास्करबुवा बखले यांचा जन्म १८६९ साली आपल्या शेजारच्या कठोर गावचा. बडोद्यात फैज महंमद खाँ, पुढे आग्र्याचे नत्थन खाँ, नंतर अल्लादिया खाँ, असे तीन ठिकाणी त्यांनी शिष्यत्व पत्करले. त्यांनीच पुढे पुण्यात भारत गायन समाज उभा केला. एका गुरूची पोथी मिळाली असती तर त्यांना एवढी वणवण करावी लागली नसती असे कोणी म्हणेल. परंतु ते पोथीसाठी गेलेच नव्हते. ते सहवासासाठी गेले होते.

याची प्रचीती मला स्वतःच्या नुकसानीतून आली. लहानपणी याच शहरात एका वृद्ध गुरुजींकडे मी चार वर्षे तबला शिकलो. माझा ‘धा’ उमटेना, तेव्हा ते म्हणत, “तुझा हात माझ्या हातावर ठेव.” त्यांच्या पंजावर माझा पंजा ठेवून ते वाजवीत. घाव कसा घालायचा यापेक्षा हात केव्हा उचलायचा, हे मला त्या स्पर्शातून कळे. मॅट्रिकच्या वर्षी अभ्यासाच्या सबबीवर मी शिकवणी सोडली. “परीक्षा झाली की येतो,” असे सांगितले होते. गेलो नाही.

गुरुजी निवर्तल्यावर त्यांची बोलांची वही घरच्यांनी माझ्याकडे पाठवली. तिचे अक्षर न् अक्षर मला लागते. भाषेचा अध्यापक आहे मी. पण त्यातला एक कायदाही माझ्या हातून वाजत नाही. कोणत्या ‘तिट’ला कोणते बोट, कोठे भार आणि कोठे नुसता निसटता स्पर्श, हे वहीत नाही. ते त्यांच्या हातात होते, आणि घेण्यासाठी माझा हात तेथे नव्हता.

आता तालयंत्रे आली आहेत; रियाजाला त्यांचा उपयोग होतो, हे मी नाकारीत नाही. यंत्र मात्रा चुकत नाही. परंतु शिष्याची मात्रा का चुकली हे त्याच्या मनगटाला हात लावून ते सांगू शकत नाही.

म्हणून दोन गोष्टी मागतो. ही वही मी आज ग्रंथालयाच्या स्वाधीन करीत आहे. तिचा सांभाळ व्हावा. आणि आठवड्यातून एक संध्याकाळ हे सभागृह शहरातील वृद्ध वादकांसाठी आणि शिकू इच्छिणाऱ्या मुलांसाठी उघडावे. जरीच्या या गावाला बोटांतले ज्ञान म्हणजे काय, हे मी वेगळे सांगायला नको. शंभर वर्षे आपण पुस्तके हातोहाती पोहोचवली. आता हातही हाताशी पोहोचू द्यावेत. त्या मुलांच्या शेवटच्या ओळीत, वय विसरून, बसण्याची मला अनुज्ञा असावी.