डफडं आणि बोंगो



वरातीत बँडवाला 'अलबेला'ची चाल धरतो तेव्हा आपले पाय थांबत नाहीत. चाल कुणाची? सी. रामचंद्रची. बरोबर. पण एवढ्या एका नावात हिशेब मिटत नाही. तोच आज मांडायचाय.

रामचंद्र नरहर चितळकर. जन्म १९१८, नगर जिल्ह्यातलं पुणतांबे. विनायकबुवा पटवर्धनांकडे शास्त्रीय गाणं शिकलेला. १९५३च्या 'अनारकली'त त्याने भीमपलास बांधला. त्याच्या दोन वर्षं आधी, 'अलबेला'त, त्यानेच बोंगो आणि ट्रंपेट दणाणून सोडले. राग आणि जाझ एकाच डोक्यात नांदले. सोवळ्यातल्यांनी खुशाल नाकं मुरडावीत.

हा जाझ आला कुठून? त्याचा साथीदार चिक चॉकलेट, म्हणजे गोव्यातल्या हळदोण्याचा आंतोनियो झेवियर वाझ. मुंबईच्या ताजमध्ये ट्रंपेट फुंकायचा. त्याच ताजमध्ये १९३५ साली लिऑन अ‍ॅबीने अमेरिकेतल्या काळ्या वादकांचा बँड आणला. अशा काळ्या वादकांकडून गोवेकरांनी जाझ उचलला. आणि काळ्यांकडे तो आफ्रिकेतून साखळदंडात आणलेल्या पूर्वजांचा. न्यू ऑर्लिन्सच्या काँगो स्क्वेअरमध्ये गुलाम रविवारी जमून ढोल बडवायचे. साउथ कॅरोलिनात मात्र १७३९ला गुलामांनी बंड केलं आणि पुढच्याच वर्षी मालकांनी कायदा करून त्यांच्या ढोलावर बंदी घातली.

लांबचं वाटतं? ते गुलाम कापूस वेचत होते. १८६१ ते १८६५ तिकडे युद्ध पेटलं, कापूस अडला, आणि आपल्या जळगावची कापूसपेठ फुगली. पुढे १८७३ला जोतीरावांनी 'गुलामगिरी' अर्पण केली, ती अमेरिकेत गुलामांना मुक्त करणाऱ्या लोकांना.

आता आपलं बघा. तिथं ढोलाला बंदी, इथं डफड्याची सक्ती. मेलेलं ढोर आपण ओढायचं, कातडं आपण कमवायचं, मिरवणुकीपुढं आपणच वाजवायचं, आणि देवळाच्या दाराशी थांबायचं. आपल्या हातातलं कातडं विटाळाचं. तेच तबल्यावर चढलं की बैठकीत! म्हणून बापजाद्यांनी डफडं टाकलं. ठीकच केलं. टाकली ती वेठ.

ताल मात्र टाकू नका. काळ्यांनी टाकला नाही. ढोल हिसकावला तर टाळ्या पिटल्या, पाय आपटले.

उद्या धुळ्या-जळगावातला कुणी पोरगा आदिवासींची पावरी, डफडं आणि सॅक्सोफोन एकत्र आणेल. जरूर आणावं. फक्त जुनी चोरी पुन्हा नको. त्या काळच्या तबकडीवर संगीतकाराचं नाव असायचं, वादकांचं बहुधा नसायचंच. आणि आपल्याच वरातीतल्या क्लॅरिनेटवाल्याचं नाव आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? वाजवणारा कोण, त्याचं नाव कुठं छापलं, त्याच्या हातात पैसे किती पडले, हे आधी विचारा. मग नाचा.