कै. काकासाहेब दीक्षित : कायदेपंडिताची गुरुसेवा

(मठाच्या वर्धापनदिनी बालाघाट येथे झालेले व्याख्यान)



विद्या, कीर्ती आणि धन ही तिन्ही हाती आल्यावर त्यांचे करावे काय, हा प्रश्न प्रत्येक प्रापंचिक भक्तापुढे केव्हा ना केव्हा उभा राहतोच. हरि सीताराम उर्फ काकासाहेब दीक्षित यांचे चरित्र हे त्या प्रश्नाचे एक उत्तर होय.

काकासाहेबांचा जन्म 1864 साली खांडव्यास झाला. निमाड काय किंवा वैनगंगेकाठचा हा आपला मुलूख काय, दोन्ही त्या काळी मध्यप्रांतातच मोडत. तेव्हा ते एका अर्थी आपल्याच प्रांताचे सुपुत्र. खांडवा व हिंगणघाट येथील शिक्षण आटोपून ते मुंबईस गेले, सॉलिसिटर झाले आणि त्या व्यवसायात त्यांनी मोठे नाव मिळविले. 1901 साली ते मुंबईच्या कायदेकौन्सिलचे सभासद झाले. राष्ट्रसभेच्या कार्यातही त्यांचा भाग होता. ज्या वयात इतर लोक उमेदवारी करीत असतात, त्या वयात मानमरातब त्यांच्या दारी चालून आला होता.

1906 साली ते विलायतेस गेले असता आगगाडीत चढताना त्यांचा पाय घसरला व त्यास कायमची इजा झाली. उपाय पुष्कळ झाले, पण पायातील अधूपण काही गेले नाही. पुढे 1909 साली नानासाहेब चांदोरकर यांची गाठ पडली आणि त्यांच्या तोंडून शिरडीच्या श्रीसाईबाबांची कीर्ती काकासाहेबांनी ऐकली. त्याच वर्षी 2 नोव्हेंबर रोजी ते शिरडीस पोहोचले. पायाचे लंगडेपण राहिले तरी चालेल, मनाचे लंगडेपण तेवढे जावो, हीच त्यांची बाबांपाशी याचना होती. वैद्याने हात टेकल्यावर देवाकडे देहाचे आरोग्य मागणारे अनेक. आपला खरा रोग कोणता हे ओळखणारा विरळा.

यानंतर त्यांचे मन मुंबईत रमेना. डिसेंबर 1910 मध्ये शिरडीत त्यांच्या वाड्याचा पाया घातला गेला आणि 1911 च्या रामनवमीस त्यात राहणे सुरू झाले. वाडा बांधला तो यात्रेकरूंच्या सोयीसाठी. स्वतःकरिता त्यांनी माडीवरची खोली तेवढी राखली. तेथे त्यांनी नऊ महिने एकांतवास केला. बाबांच्या आज्ञेने एकनाथी भागवत व भावार्थ रामायण यांचे वाचन हा त्यांचा नित्यक्रम झाला. वकिली मागे पडत गेली, उत्पन्न घटले. एकदा फीच्या रुपयांनी भरलेली ट्रंक त्यांनी बाबांपुढे ठेवली व बाबांनी ते रुपये तेथल्या तेथे वाटून टाकले, अशी आठवण सांगतात. जवळच बसलेले एक न्यायाधीश मित्र काकासाहेबांच्या मुद्रेकडे पाहत होते. तीवर खेदाची रेषाही उमटली नाही.

परंतु काकासाहेबांनी विद्या टाकून दिली, असे मात्र कोणी समजू नये. 1918 साली बाबांनी देह ठेवला. पूजाअर्चा, समाधीची व्यवस्था, जमाखर्च यांची घडी बसविल्यावाचून गत्यंतर नव्हते. केवळ भक्तीने डोळे भरून येतात. हिशेबाची वही भरत नाही. 1922 साली अहमदनगरच्या न्यायालयातून संस्थानची योजना मंजूर झाली, आणि मानद चिटणीसपदाचा भार काकासाहेबांनी उचलला. 1923 साली ‘श्रीसाईलीला’ मासिक निघाले, त्यामागेही त्यांचे श्रम होते. कोर्टात अशिलाकरिता झिजलेली लेखणी आता गुरूकरिता झिजू लागली. लेखणी तीच, धनी मात्र बदलला.

5 जुलै 1926 रोजी हेमाडपंत दाभोळकरांसमवेत आगगाडीतून जात असता, बाबांच्या गोष्टी चालू असतानाच, काकासाहेबांनी हेमाडपंतांच्या खांद्यावर मान टाकली आणि क्षणात प्राण सोडला. ना यातना, ना तळमळ. तुला विमानातून नेईन, असे बाबा त्यांस म्हणाले होते. ते वचन या रीतीने खरे झाले, अशी भक्तांची श्रद्धा आहे. आगगाडीनेच पाय अधू केला आणि आगगाडीतच सद्गती लाभली, हा योगही मनन करण्याजोगा आहे.

कौन्सिलातील त्यांचे भाषण आज कोणास आठवत नाही. वाड्याच्या सावलीत टेकलेल्या यात्रेकरूंची मात्र गणती नाही. आपल्या मठातही कोणी वकील, कोणी शिक्षक, कोणी दुकानदार, कोणी शेतकरी आहेत. सर्वांनाच घरदार सोडणे साधणार नाही, आणि गुरूंना ते हवेही नसते. ज्याच्या हाती जे कसब आहे, त्यातला एक वाटा त्याने या दारी आणून ठेवावा. एवढी बुद्धी सद्गुरूंनी आपणा सर्वांस द्यावी, हीच त्यांच्या चरणी प्रार्थना.