ज्वालामुखीनें उठविलेला गांव

श्रोत्यांनीं मेक्सिको देशाचा नकाशा पुढें घेतला, तर राजधानीच्या पश्चिमेस मिचोआकान हा प्रांत आढळेल. त्याच्या उंच पठारावर पुरेपेचा या मूळच्या लोकांची जुनी वस्ती आहे. मुख्य गांव आणि त्याभोंवतालचीं खेडीं, शेतें व रानें मिळून कारभाराचा जो विभाग होतो, त्यास तेथें 'मुनिसिपिओ' म्हणतात. नुएव्हो पारांगारिकुतिरो हा असाच एक लहान विभाग होय. 'नुएव्हो' म्हणजे नवें. मग जुनें कोठें गेलें? या प्रश्नाच्या उत्तरांतच येथील इतिहास व भूगोल सांठविलेला आहे.

तारीख २० फेब्रुवारी १९४३. पारिकुतिन या खेड्यांतील दिओनिसिओ पुलिदो नांवाचा शेतकरी मक्याच्या पेरणीसाठीं शेत तयार करीत होता. आधींचे कांहीं दिवस भूकंपाचे धक्के बसतच होते. त्या दुपारीं जमिनीस भेग पडली आणि तींतून धूर व राख निघूं लागली. दुसऱ्या दिवशीं शेताच्या जागीं टेकडी उभी होती! वर्षभरांत ती तीनशें मीटरांहूनही उंच झाली, आणि १९५२ सालीं हा ज्वालामुखी शांत झाला तेव्हां तिची उंची ४२४ मीटर भरली. ज्वालामुखीचा जन्म, वाढ व अंत शास्त्रज्ञांस समक्ष पाहतां यावा, असा योग विरळाच.

शास्त्रज्ञांस जो योग, तो गांवकऱ्यांस मात्र विनाश ठरला. राखेनें पिकें बुडालीं, गुरें मेलीं. शिलारसानें प्रथम पारिकुतिन गिळलें आणि पुढें मुख्य गांव सान हुआन पारांगारिकुतिरो हेंही गिळलें. या रसाची चाल संथ असल्यानें माणसांस निघून जाण्यास अवसर मिळाला. त्याखालीं कोणी दगावलें नाहीं. राखेच्या लोटांत चमकणाऱ्या विजेनें मात्र तिघांचा बळी घेतला.

१९४४ च्या मे महिन्यांत सान हुआनच्या लोकांनीं गांव सोडला. अग्रभागीं त्यांच्या देवळांतील 'चमत्कारांचा प्रभु' ही क्रूसावरील ख्रिस्ताची मूर्ति होती. उरुआपान शहरावरून पायीं चालत ते शहराच्या पश्चिमेकडील एका सपाटीवर उतरले. तेथें त्यांनीं नवा गांव वसविला आणि नव्या देवळांत त्याच मूर्तीची स्थापना केली. आजही यात्रेकरू तिच्यापुढें नाचत येतात. जुन्या देवळाचा मनोरा व वेदी काळ्या खडकांच्या सागरांत अद्याप उभीं आहेत.

घरें गेलीं, तरी डोंगरावरच्या पाइन व ओकच्या रानांवरील आपला हक्क या लोकांनीं सोडला नाहीं. १९८० नंतरच्या दशकांत त्यांनीं सामाईक मालकीचा वनोद्योग उभारला. झाडें तोडणें, नवीं लावणें, लांकूड कापण्याची गिरणी, लांकडी सामान, राळ गोळा करणें हीं सारीं कामें गांवचींच माणसें पाहूं लागलीं. सामुदायिक वनरक्षणाचा नमुना म्हणून या गांवाचें नांव जगभर घेतलें जातें. उतारांवर अव्होकाडोच्या बागाही आहेत.

सह्याद्रीचा काळा कातळही एके काळीं असाच वाहता शिलारस होता. परंतु तो वाहिला तेव्हां पाहण्यास मनुष्यच नव्हता. पारांगारिकुतिरोच्या लोकांनीं तो आपल्या उंबरठ्यावर येतांना पाहिला. त्यांना उंबरठा सोडावा लागला. गांवपण मात्र ते बरोबर घेऊन गेले.