घर पाहावे फेडून

(वसई येथील एका कुटुंब मेळाव्यात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



'घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून' ही म्हण आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. ती जन्मली तेव्हा घर बांधणे म्हणजे चुना, लाकूड, कौले आणि गवंडी यांची जुळवाजुळव होती. आता घर बांधणारा दुसराच कोणी असतो. आपल्या वाट्याला येते ते घर फेडणे. म्हणून आजच्या विषयाला मी 'घर पाहावे फेडून' असे नाव दिले आहे.

वसई-विरारमध्ये हा विषय घरोघरचा आहे. गिरगाव, लालबाग, परळ, दादर येथील चाळींत वाढलेली असंख्य मराठी कुटुंबे १९८० नंतरच्या काळात पश्चिम रेल्वेच्या रुळाने उत्तरेकडे सरकली. वसई, नालासोपारा, विरार येथे त्यांनी संसार थाटले. चार नगरपरिषदा आणि आसपासची गावे मिळून ३ जुलै २००९ रोजी येथे महानगरपालिका झाली, ती या वाढीमुळेच. त्या पहिल्या पिढीतील अनेकांनी चाळीतली खोली सोडून, भविष्य निर्वाह निधीतून रक्कम काढून, प्रसंगी दागिने मोडून घर घेतले. आज त्यांची मुले घर घेतात ती बँकेच्या किंवा गृहवित्त कंपनीच्या कर्जावर. यात गैर काही नाही. १९७७ मध्ये हसमुखभाई पारेख यांनी एचडीएफसीची स्थापना केली, तेव्हा पगारदार माणसाला दीर्घ मुदतीचे गृहकर्ज ही कल्पना फारशी रुळलेली नव्हती. ती रुळली म्हणून निवृत्तीची वाट न पाहता तिशी-पस्तिशीत घर होऊ लागले. तेव्हा कर्जाला नावे ठेवण्यासाठी मी उभा नाही. कर्ज घेताना आपण जो प्रश्न विचारतो, तो अपुरा आहे, एवढेच मला सांगायचे आहे.

आपण विचारतो, "हप्ता किती बसेल?" विचारायला हवे ते असे की, "एकूण किती द्यावे लागेल आणि किती वर्षे?"

एक हिशेब मांडू. कर्ज ३० लाख रुपये, मुदत २० वर्षे आणि व्याजदर साडेआठ टक्के. दर सर्व काळ तोच राहिला असे धरले, तर मासिक हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. वीस वर्षांचे २४० हप्ते मिळून ६२ लाख ४८ हजार रुपये होतात. म्हणजे मुद्दल ३० लाख आणि व्याज ३२ लाख ४८ हजार. व्याज मुद्दलाहून अधिक!

आपल्या जुन्या धर्मशास्त्रात 'दामदुप्पट' नावाचा एक नियम होता. व्याजाची एका वेळची थकबाकी मुद्दलापेक्षा अधिक वसूल करता येऊ नये, असा त्याचा आशय. इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही हिंदू ऋणकोच्या बाबतीत तो मान्य केला होता. बँकेच्या नियमित हप्त्याला तो अडवत नाही, कारण येथे व्याज थकत नाही. ते महिन्याच्या महिन्याला आपण चुकते करतो. पण सावकाराच्या वहीत जो आकडा पाहून आपले पूर्वज दचकले असते, तोच आकडा हप्त्याहप्त्याने दिल्यामुळे आपल्या नजरेसही येत नाही, ही बाब विचार करण्याजोगी आहे.

आता त्या हप्त्याच्या आत डोकावू. पहिल्या महिन्याच्या २६,०३५ रुपयांपैकी २१,२५० रुपये व्याजात जातात आणि मुद्दलात जमा होतात केवळ ४,७८५ रुपये. पुढे मुद्दलाचा वाटा हळूहळू वाढतो, परंतु तो व्याजाच्या वाट्याहून मोठा होण्यासाठी बारावे वर्ष संपत यावे लागते. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता आपण १५ लाख ६२ हजार रुपये भरले, तरी ३० लाखांपैकी २६ लाख ४४ हजार रुपये शिल्लकच असतात. निम्मे मुद्दल फिटते ते चौदाव्या वर्षाच्या अखेरीस. यात कोणी फसवत नाही. शिल्लक रकमेवर व्याज आकारण्याचे हे साधे गणित आहे. ते ठाऊक नसल्यामुळे पाच-सात वर्षांनी बँकेचे विवरणपत्र हाती घेणारा गृहस्थ मात्र हताश होतो.

मुदत वाढवली की हप्ता कमी होतो, हे आकर्षण मोठे आहे. हेच कर्ज ३० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता २३,०६७ रुपये होतो. दरमहा सुमारे तीन हजार रुपये वाचतात. पण एकूण व्याज ५३ लाखांवर जाते, म्हणजे २० लाखांहून अधिक वाढते. उलट मुदत १५ वर्षे ठेवली, तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढून २९,५४२ रुपये होतो आणि व्याज सव्वानऊ लाखांहून अधिक कमी होते. शिवाय वयाचा हिशेब वेगळाच. पस्तिसाव्या वर्षी ३० वर्षांचे कर्ज घेणारा माणूस पासष्टीपर्यंत बांधला जातो. नोकरी अठ्ठावन्न किंवा साठाव्या वर्षी संपली, तर पुढचे हप्ते कोण भरणार? मुलगा भरील, असे आपण मनात धरून चालतो. त्या मुलाला हे कोणी विचारलेले असते का?

दुसरी गोष्ट दराची. बहुतेक गृहकर्जे आज तरत्या व्याजदराची असतात. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर जुलै २००८ मध्ये ९ टक्के होता, एप्रिल २००९ मध्ये ४.७५ टक्के झाला. मे २०२० मध्ये तो ४ टक्क्यांवर होता. मे २०२२ पासून वाढत तो फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर गेला आणि २०२५ मध्ये चार टप्प्यांत ५.२५ टक्क्यांवर आला. वीस वर्षांच्या कर्जात असे चढ-उतार येणारच.

दर वाढला की बँका बहुधा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात. कर्जदाराला हप्ता तोच दिसतो म्हणून तो निश्चिंत असतो. याचा परिणाम पाहा. ३० लाखांचे कर्ज ७ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता २३,२५९ रुपये येतो. एका वर्षानंतर शिल्लक राहते सुमारे २९ लाख २८ हजार ६३१ रुपये. त्या वेळी दर अडीच टक्क्यांनी वाढून साडेनऊ टक्के झाला, तर महिन्याचे व्याजच २३,१८५ रुपये होते. त्याच हप्त्यातून मुद्दलात जमा होतात फक्त ७४ रुपये! मनुष्य दरमहा २३ हजार भरतो आहे आणि कर्ज जागचे हलत नाही. २०२२-२३ मध्ये दर वाढले, तेव्हा हा धोका दूरचा राहिला नव्हता. म्हणूनच १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने सूचना काढली. दर बदलल्यास हप्त्यावर आणि मुदतीवर होणारा परिणाम कर्जदाराला कळवावा, हप्ता वाढवायचा की मुदत याचा पर्याय त्याला द्यावा, असे त्या सूचनेत सांगितले आहे. हा आपला अधिकार आहे. मात्र पत्र आले तर ते उघडून वाचण्याचे कर्तव्यही आपलेच आहे.

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी तरत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाह्य दराशी जोडलेली असतात. गृहवित्त कंपन्यांना मात्र हा नियम लागू नाही. रिक्षाचालक, छोटे दुकानदार, कंत्राटी कामगार अशा अनेकांना पगारपत्रक नसल्यामुळे बँक कर्ज देत नाही. ते गृहवित्त कंपनीकडे जातात आणि दरही अधिक देतात. ३० लाखांवर, २० वर्षांत, साडेआठऐवजी साडेनऊ टक्के दर म्हणजे ४ लाख ६३ हजार रुपये अधिक. एक टक्का ऐकायला लहान वाटतो, एवढेच.

तिसरी गोष्ट अवांतर खर्चाची. मुद्रांक शुल्क, नोंदणी शुल्क, वकिलाचे शुल्क, प्रक्रिया शुल्क, बांधकाम सुरू असलेल्या घरावरील वस्तू व सेवा कर, पुढे सोसायटीची देखभाल आणि मालमत्ता कर. यांतील काहीच हप्त्यात दिसत नाही. कर्जाबरोबर एकरकमी विमा घ्यायला लावून त्याचा हप्ता कर्जातच मिळवण्याची पद्धतही आहे. असा एक लाखाचा विमा साडेआठ टक्के दराने २० वर्षांत आपल्याला २ लाख ८ हजारांना पडतो. कर्त्या माणसाचा विमा अवश्य असावा. तो स्वतंत्र मुदत विम्याशी तुलना करून घ्यावा. करसवलतीचेही तसेच. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, नव्या करपद्धतीत ती मिळत नाही. 'कर वाचतो' हे वाक्य ऐकल्यावर, 'माझा वाचतो का?' हे तपासून घ्यावे.

कोणी म्हणेल, भाडे भरण्यापेक्षा हप्ता बरा. महागाईमुळे वीस वर्षांनंतर २६ हजारांचे ओझे आजच्याइतके जड राहणार नाही, शिवाय घराची किंमत वाढेल. हे म्हणणे खोटे नाही. महागाई कर्जदाराला साथ देते आणि स्वतःच्या घराचे समाधान पैशात मोजता येत नाही. पण हे सारे खरे ठरण्यासाठी दोन अटी आहेत. पगार महागाईबरोबर वाढला पाहिजे आणि घर उभे राहिले पाहिजे.

दुसरी अट आपल्या परिसरात किती कठोर आहे, हे मी सांगण्याची गरज नाही. नालासोपारा पूर्वेला अग्रवाल नगरी परिसरातील ४१ अनधिकृत इमारती उच्च न्यायालयाच्या आदेशाने नोव्हेंबर २०२४ पासून पाडल्या गेल्या. ती जमीन सांडपाणी प्रक्रिया प्रकल्प आणि कचराभूमी यांसाठी आरक्षित होती. हजारो माणसे रस्त्यावर आली. ऑगस्ट २०२५ मध्ये विरार पूर्वेला रमाबाई अपार्टमेंट या अनधिकृत इमारतीचा भाग कोसळून १७ जणांचा मृत्यू झाला. इमारत पडली तरी कर्ज पडत नाही, हे ध्यानात ठेवा. कर्ज व्यक्तीच्या नावावर असते. छप्पर गेल्यावरही हप्ता चालूच राहतो, त्यात नव्या भाड्याची भर पडते.

"बँकेने कर्ज दिले म्हणजे कागद ठीकच असणार," असा समज आहे. बँकेचा वकील कागद तपासतो तो बँकेसाठी. सातबारा, अकृषिक परवाना, बांधकाम परवानगी, भोगवटा प्रमाणपत्र आणि महारेराची नोंदणी या गोष्टी स्वतःच्या वकिलाकडून, थेट महापालिकेत आणि महारेराच्या संकेतस्थळावर पडताळून घ्याव्यात. चार-पाच लाखांनी स्वस्त मिळणारे घर स्वस्त का आहे, याचे उत्तर मिळाल्याशिवाय सही करू नये.

मग करावे काय? नवे कर्ज घेणाऱ्यांनी 'मुख्य तथ्य विवरणपत्र' मागावे. १ ऑक्टोबर २०२४ पासून ते देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्कांसह वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक असते. हप्त्यानंतर घरखर्च, मुलांचे शिक्षण, आईवडिलांचे औषधपाणी आणि सहा महिन्यांच्या हप्त्यांची शिल्लक भागते का, हे पाहावे. आज अंथरूण बँक पुरवते म्हणून पाय किती पसरायचे हेही तिनेच ठरवावे, असे नाही.

ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांच्यासाठी आशादायक मार्ग आहे. व्यक्तीच्या तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना लावता येत नाही. आपल्या उदाहरणात दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तर कर्ज सुमारे तीन वर्षे चार महिने आधी संपते आणि सहा लाखांहून अधिक व्याज वाचते. बोनस, दिवाळीची भेट, महागाई भत्त्याची थकबाकी यांचा याहून चांगला उपयोग क्वचितच असेल. ही रक्कम पहिल्या दहा वर्षांत भरावी, कारण व्याजाचा भार तेव्हाच जास्त असतो. दर उतरला तर हप्ता कमी करून न घेता मुदत कमी करून घ्यावी. नव्या ग्राहकाला बँक कमी दर देत असेल, तर आपणही अर्ज करावा. थोडे शुल्क भरून जुना दर बहुधा कमी करून मिळतो. कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत. विलंब बँकेकडून झाला, तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम आहे.

शेवटी एक विनंती. आपल्या घरांत कर्जाचा व्यवहार बहुधा एकट्या कर्त्या पुरुषाच्या डोक्यात असतो. हप्ता चुकला, नोकरी गेली तरी तो बोलत नाही आणि संकट घरच्यांना समजते ते वसुलीचा माणूस दारात उभा राहिल्यावर. घर सर्वांचे आहे, तसा हिशेबही सर्वांचा असावा. येत्या रविवारी कर्जाचे विवरणपत्र काढा. पत्नीला आणि जाणत्या मुलांना घेऊन बसा. शिल्लक मुद्दल किती, आजचा दर किती, शेवटचा हप्ता कोणत्या वर्षी आणि तेव्हा आपले वय काय असेल, हे चार आकडे एका कागदावर लिहा. शेजारच्या तरुण जोडप्याने घर पाहायला सुरुवात केली असेल, तर त्यांनाही हा कागद दाखवा. एका कुटुंबाची जरी कर्जातून तीन वर्षे आधी सुटका झाली, तरी आजच्या एकत्र येण्याचे सार्थक झाले असे मी समजेन.