समोरचा वकील



निमंत्रण द्यायला तुमच्या महाविद्यालयाचे विद्यार्थी प्रतिनिधी घरी आले, तेव्हा त्यांनी मला एक प्रश्न विचारला. सरकारी वकिलाने निवडणूक लढवावी का? मी जिल्हा सरकारी वकील म्हणून निवृत्त झालो, त्यामुळे हा प्रश्न माझ्या जिव्हाळ्याचा आहे. आज तेवढ्यावरच बोलतो.

आपल्याकडे सरकारी वकिलाला मतं मागावी लागत नाहीत. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८ प्रमाणे किमान सात वर्षं वकिली केलेल्याला सरकार नेमतं, विशेष सरकारी वकिलासाठी दहा वर्षं लागतात. विशेष सरकारी वकील म्हणून काम केलेले उज्ज्वल निकम २०२४ साली उत्तर मध्य मुंबईतून लोकसभेला उभे राहिले आणि हरले. पुढच्या वर्षी राष्ट्रपतींनी त्यांची राज्यसभेवर नियुक्ती केली. तुमचा प्रश्न त्यातूनच निघाला असावा. पण माझं उत्तर मी जरा लांबून आणणार आहे. अमेरिकेत बहुतेक राज्यांत जिल्ह्याचा सरकारी वकीलच लोकांनी निवडून दिलेला असतो, त्यामुळे या वाटेवरचे खाचखळगे तिथे फार स्पष्ट दिसतात. मी ज्यांच्याविषयी बोलणार आहे ते अर्ल वॉरन.

वॉरन यांचे वडील कॅलिफोर्नियात रेल्वेच्या कारखान्यात डबे दुरुस्त करायचे. १८९४ च्या संपात उतरले म्हणून त्यांची नोकरी गेली होती. मुलगा बर्कलीला कायदा शिकला, पहिल्या महायुद्धात लष्करात गेला आणि १९२० साली ओकलंड शहर ज्यात येतं त्या अल्मीडा काउंटीत सरकारी वकिलांच्या कचेरीत रुजू झाला. १९२५ साली तो त्या कचेरीचा प्रमुख झाला आणि पुढे तीनदा निवडून आला. दारूबंदीचे दिवस होते. खुद्द काउंटीचा शेरीफ, म्हणजे तिथला मुख्य पोलीस अधिकारी, हातभट्टीवाल्यांकडून आणि जुगाराच्या अड्ड्यांकडून हप्ते घेत होता. ज्याच्या शिपायांनी पकडलेल्या आरोपींवर रोज खटले चालवायचे, त्याच माणसाला वॉरन यांनी आरोपीच्या पिंजऱ्यात उभं केलं आणि तुरुंगात पाठवलं. ज्यांनी सत्र न्यायालयात काम केलंय त्यांना विचारा, पोलिसांशी वैर घेऊन सरकारी वकिली करणं काय असतं ते. याच काळात त्या काउंटीत गरीब आरोपींसाठी सरकारी खर्चाने बचाव करणारी कचेरी सुरू झाली आणि वॉरन यांचा तिला पाठिंबा होता. आपल्या विरोधात लढणारा वकील चांगला असावा असं वाटणारा सरकारी वकील मला तरी फार मोलाचा वाटतो.

१९३८ साली ते राज्याचे ॲटर्नी जनरल म्हणून निवडून आले. उमेदवाराने एकाहून अधिक पक्षांची प्राथमिक निवडणूक लढवलेली त्या वेळी तिथे चालायची. वॉरन रिपब्लिकन, पण डेमोक्रॅटिक पक्षाची उमेदवारीही त्यांनीच जिंकली.

इथे थोडं थांबतो. माझ्या कचेरीतला एक प्रसंग सांगतो. चोरीचं एक प्रकरण घेऊन तपासी अंमलदार माझ्याकडे आले होते. बाहेर व्हरांड्यात पट्टेवाल्याचा पुकारा चालू होता, टेबलावर लाखेची मोहोर केलेलं मुद्देमालाचं पाकीट पडलं होतं. मी विचारलं, आरोपीच्या घरझडतीत काय मिळालं? ते म्हणाले, "काहीच नाही साहेब. म्हणजे बघा, किती पोचलेला आहे." रात्रभर जागलेला, कामाला वाघ असलेला अधिकारी. त्यांना मनापासून तसं वाटत होतं. मी झडतीचा पंचनामा त्यांच्यापुढे सरकवला आणि म्हणालो, हा कागद आपल्या बाजूचा नाही, आरोपीच्या बाजूचा आहे. उलटतपासणीत बचावाचे वकील पहिला हाच काढतील. त्यांनी मान डोलावली आणि पुन्हा तपासाला गेले.

आता १९४२ साल बघा. पर्ल हार्बरवर हल्ला होऊन अडीच महिने झाले होते. किनाऱ्यावरच्या जपानी वंशाच्या लोकांना हलवण्याची वाट मोकळी करणारा आदेश राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी १९ फेब्रुवारीला काढला. दोनच दिवसांनी सॅन फ्रान्सिस्कोत अमेरिकी संसदेच्या समितीपुढे ॲटर्नी जनरल वॉरन यांची साक्ष झाली. त्यांनी नकाशे आणले होते. जपानी वंशाच्या शेतकऱ्यांच्या जमिनी कोणत्या लष्करी ठाण्यांना, कोणत्या महत्त्वाच्या कारखान्यांना लागून आहेत, ते त्यांवर दाखवलं होतं. आणि आजवर एकही घातपात झालेला नाही हीच सगळ्यांत घातक खूण आहे, अशा अर्थाचं ते बोलले.

कॅलिफोर्नियातला नामांकित सरकारी वकील, बावीस वर्षं पुराव्याच्या कायद्यात वावरलेला, आणि पुरावा नाही हाच त्याने पुरावा ठरवला!

त्याच वर्षी नोव्हेंबरात ते गव्हर्नर म्हणून निवडून आले. मतांसाठी त्यांनी हे केलं असं मी म्हणणार नाही. मला वाटतं, त्यांना ते खरंच पटलेलं होतं, आणि मला जास्त काळजी त्याचीच वाटते. माझ्या त्या अंमलदाराला थांबवायला एक सरकारी वकील होता, मी चुकलो असतो तर मला थांबवायला बचावाचे वकील उठले असते, आणि त्यांच्यावर न्यायाधीश होते. वॉरन ओकलंडच्या कोर्टात असं बोलले असते तर पहिल्या वाक्यालाच हरकत आली असती. समितीपुढे, सभेत, वर्तमानपत्रात हरकत घेणारं कोणी नव्हतं. सरकारी वकिलाचा निःपक्षपातीपणा त्याच्या एकट्याच्या स्वभावावर उभा नसतो, समोरच्या वकिलाने तो रोज सांभाळलेला असतो. निवडणुकीच्या व्यासपीठावर चढताना आपण त्या माणसाला मागे सोडून जातो. तुमच्या प्रश्नाची खरी गाठ मला इथे दिसते.

सुमारे १,२०,००० माणसं घरदार सोडून छावण्यांत गेली. त्यांतली दोन तृतीयांश जन्माने अमेरिकी नागरिक होती. फ्रेड कोरेमात्सु नावाच्या तरुणाने जायला नकार दिला. हा ओकलंडचाच, वॉरन यांच्या जुन्या काउंटीतला, आणि पकडला गेला तोही तिथेच, सॅन लिआंड्रोत. त्याला घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर, तबेल्याच्या एका कप्प्यात ठेवलं. त्याची शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने १९४४ साली सहा विरुद्ध तीन अशी कायम केली.

गव्हर्नर म्हणून वॉरन यांनी बरीच चांगली कामं केली. १९४५ साली त्यांनी सक्तीच्या आरोग्य विम्याची योजना मांडली होती, ती डॉक्टरांच्या संघटनेच्या विरोधामुळे बारगळली. तीन वेळा लागोपाठ ते निवडून आले. १९५३ साली ते थेट सरन्यायाधीश झाले.

आणि तिथे हा माणूस पुन्हा समोरच्या वकिलाकडे वळला. शाळांतला वर्णभेद मोडणारा १९५४ चा ब्राउन खटल्याचा निकाल तुम्ही अभ्यासलाय, नऊच्या नऊ न्यायाधीश एकमताने. मला मात्र १९६६ चा मिरांडा निकाल त्यांच्या आयुष्याच्या जास्त जवळचा वाटतो. पोलीस कोठडीत प्रश्न विचारण्याआधी आरोपीला सांगायचं की तू गप्प राहू शकतोस आणि तुला वकील मिळू शकतो. निकाल पाच विरुद्ध चार असा झाला, आणि तो स्वतः वॉरन यांनी लिहिला. पोलीस ठाण्याच्या बंद खोलीत काय चालतं हे पूर्वीच्या सरकारी वकिलाइतकं कोणाला ठाऊक असणार? तिथेही हरकत घेणारा कोणीतरी असावा, अशी सोय त्यांनी केली. तुमच्या अभ्यासक्रमातल्या नंदिनी सत्पथी खटल्यात, १९७८ साली, न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी मिरांडाचा आधार घेतला, तो निकाल पुन्हा वाचा. सत्पथी ओडिशाच्या माजी मुख्यमंत्री. निवडून आलेल्या माणसावरही पोलिसांच्या प्रश्नांपुढे बसायची वेळ येते.

वॉरन १९७४ साली गेले. त्यांचं आत्मचरित्र १९७७ साली निघालं. जपानी वंशाच्या लोकांना हलवण्याच्या त्या आदेशाचा आपल्याला मनापासून पश्चात्ताप होतो, असं त्यात त्यांनी लिहिलंय. हयातीत त्यांनी जाहीर माफी मागितली नाही. मला त्यांच्याबद्दल अपार आदर आहे, तरी ही गोष्ट मला सलते.

तेव्हा माझं उत्तर असं. लढवा. जरूर लढवा. नगरसेवक व्हा, आमदार व्हा. पण पहिल्या दिवसापासून आपल्या कचेरीत असा एक माणूस बसवा ज्याला तुमच्या प्रत्येक निर्णयाला हरकत घेण्याचा पगार मिळतो, आणि त्याची हरकत लेखी घ्या. तो रागावून सोडून गेला तर दुसरा शोधा.

कोरेमात्सुची फाईल चार दशकांनी पुन्हा उघडली. त्याच्या बाजूने उभे राहिलेले बरेचसे वकील तरुण होते, आणि त्यांतल्या अनेकांच्या आईवडिलांनी त्या छावण्या भोगल्या होत्या. आपल्याला अडचणीचे अहवाल सरकारने तेव्हा न्यायालयापासून दडवले होते, हे त्यांनी कागदोपत्री दाखवलं. १९८३ साली सॅन फ्रान्सिस्कोच्या न्यायालयाने ती शिक्षा रद्द केली. २०११ साली अमेरिकेचे तेव्हाचे हंगामी सॉलिसिटर जनरल नील कत्याल यांनी आपल्याच कचेरीची ती चूक जाहीरपणे कबूल केली. 

शेवटच्या वर्षाच्या मुलामुलींना एक सांगणं आहे. ज्यांना सरकारी वकील व्हायचंय त्यांनी आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या लोक अभिरक्षक कार्यालयात काम करावं, गरीब आरोपींच्या बाजूने. मी तिथल्या मंडळींशी बोललो आहे, ते तुम्हाला घ्यायला तयार आहेत. नावं उद्याच प्राचार्यांकडे द्या.